बेथलेहेमचा शूटिंगवाला

कॅमेरा चालू होता का?

एवढंच विचारलं होतं मी. इलियासच्या बहिणीला विचारलं. त्याच्याबरोबर शूटिंगला असायचा त्या पोराला विचारलं. ज्यांच्यासाठी तो बातम्या शूट करायचा त्यांना इंग्रजीत लिहून विचारलं. इंग्रजी दादाकडून लिहून घेतलं, कारण मी आठवीत शाळा सोडलीय. बहीण रडायला लागली. पोरानं फोन ठेवून दिला. त्या लोकांनी कळवलं की चौकशी चालू आहे. मी चौकशीचं विचारलंच नव्हतं. कॅमेऱ्याचं विचारलं होतं.

ते राहू द्या. किस्से सांगतो.

लग्नाचं शूटिंग करणाऱ्यांकडं किस्से लई साठतात. मांडवात आम्ही सगळ्यात आधी येतो आणि जेवायला सगळ्यात शेवटी बसतो. मधल्या वेळात माणसं जे जे करतात ते आम्ही बघतो आणि त्यातलं निम्मं एडिटिंगला कापतो. कापलेलं सगळं आमच्या डोक्यात राहतं. गेल्या सीझनपासून माझ्या डोक्यात मात्र फक्त इलियासचेच किस्से चालू आहेत. गाडी चालवताना मी एकटाच हसतो. लोक बघतात. बघू द्या.

*

तिसगावात आमचं दुकान आहे. दुकान म्हणजे एक गाळा, एडिटिंगचा कॉम्प्युटर, फोटोसाठी मागं पडदा आणि थोरला भाऊ दानियल. त्याला मी दादा म्हणतो. दादा अल्बम छापायला पुण्याला जायचा, तिथं त्याला इलियास भेटला. पॅलेस्टाईनहून कॅमेऱ्याचं शिक्षण घ्यायला आलेला. नाताळात होस्टेल रिकामं झालं, ह्याला जायला जागा नव्हती, म्हणून दादा त्याला मोटरसायकलवर बसवून घरी घेऊन आला.

इलियास दुकानासमोर उतरला आणि बोर्डाकडं बघत उभा राहिला. बोर्डावर मराठीत आणि इंग्रजीत लिहिलंय, 'शालोम डिजिटल व्हिडिओ शूटिंग'. आमच्या ख्रिस्ती लोकांत हे नाव फार. घराला शालोम, पिठाच्या गिरणीला शालोम, टेम्पोच्या काचेवर शालोम.

दादा छाती काढून म्हणाला, "बायबलमधला शब्द आहे. म्हणजे शांती."

"माहीत आहे," इलियास म्हणाला. तेव्हा तो तुटक्या हिंदीत बोलायचा. "आमच्याकडं चेकपोस्टवर शिपाई रोज म्हणतो. मग बॅग उघडायला लावतो."

दादाचा चेहरा उतरला. आईला कळलं तेव्हा ती पेंटरला बोलवायला निघाली. बोर्ड पुसून 'आशीर्वाद' करून टाका म्हणाली. इलियासनं तिला दारातच थांबवलं.

"राहू द्या आई. इथं तो शब्द चांगला वागतो."

*

तो गावचा कुठला, हे मात्र दादानं घरात सांगितलंच नव्हतं. आई चुलीपाशी होती. तिनं सहज विचारलं, "कुठलं गाव रं बाळा तुझं?"

"बेथलेहेम."

तव्यावरची भाकरी करपली. आमच्या घरात करपलेली भाकरी मी त्या दिवशी पहिल्यांदा बघितली.

थोड्या वेळानं आमच्या ओट्यावर बसायला जागा उरली नाही. ख्रिस्ती आळीतली सगळी आली. शेजारच्या हिंदू बायकाही आल्या, कारण गर्दी दिसली. शांतवन आजोबा काठी टेकत सगळ्यांत पुढं येऊन बसले.

"प्रभूचा जन्म झाला ती जागा तू बघितली हाय?"

"हो. घरापासून चालत जातो."

आजोबा काठी धरून जरा पुढं सरकले. मग म्हणाले, "आता काय हाय तिथं?"

"मोठं चर्च आहे. दुरुस्ती चालू आहे."

"कधीपास्नं?"

"मी लहान होतो तेव्हापासून."

आजोबांनी मान डोलावली. "म्हंजी सरकारी काम."

संध्याकाळी आमच्या चर्चच्या पाळकसाहेबांनी त्याला नाताळचा देखावा बघायला नेलं. पोरांनी उसाच्या पाचटाची झोपडी केली होती, आत गव्हाण, वर कापसाचं बर्फ. सगळी पोरं इलियासच्या तोंडाकडं बघत उभी. इलियासनं वाकून आत बघितलं आणि हळूच पाळकसाहेबांना सांगितलं की तिकडं झोपडी नसते, गुहा असते. गुहेत मेंढरं बांधतात. पाळकसाहेबांनी पोरांना सांगितलं. पोरांची तोंडं एवढीशी झाली. आठवडाभर खपली होती ती.

इलियासनं त्यांच्याकडं बघितलं आणि म्हणाला, "गुहा नंतर केली असेल."

त्या नाताळानंतर तो दर सुट्टीला यायला लागला, मग सीझनला आमच्याबरोबर शूटिंगला. मला 'अखूय' म्हणायचा, म्हणजे माझा भाऊ. आईला कुणी विचारलं तर ती तीन मुलं सांगायची.

*

आता धंद्यातली एक गोष्ट सांगतो. आमच्या गिऱ्हाइकांनी एवढी वाचू नये.

लग्नात आहेर द्यायला रांग लागते. प्रत्येक पाहुणा स्टेजवर येतो, नवरानवरीच्या शेजारी उभा राहतो आणि कॅमेऱ्याकडं बघतो. तो सगळा घोळका रेकॉर्ड करायचा तर मेमरी कार्डं पुरत नाहीत, बॅटरी पुरत नाही आणि एडिटिंगला ते कापायचंच असतं. म्हणून शूटिंगवाला फक्त लाइट लावतो. कॅमेरा डोळ्याला, लाइट पाहुण्याच्या तोंडावर, रेकॉर्डिंग बंद. पाहुणा खूश होऊन जेवायला जातो. ह्याला आम्ही रिकामा लाइट म्हणतो.

इलियासनं शूट केलेलं पहिलं लग्न सोनईचं. आहेर सुरू झाला तसा दादा त्याच्या कानाशी लागला आणि रिकामा लाइट कसा मारायचा ते समजावलं. इलियासनं मान हलवली आणि सगळाच्या सगळा आहेर रेकॉर्ड केला. कार्डं भरली. नवरी गाडीत बसायला निघाली, आईच्या गळ्यात पडली, आणि आमच्याकडं एकही कार्ड रिकामं नव्हतं. शेवटी ते मी मोबाईलवर घेतलं.

परत येताना दादा चिडून गाडी हाकत होता. घोडेगाव मागं पडल्यावर इलियासच बोलला.

"तो म्हातारा पायरीवर थांबला. खिशातून कंगवा काढला, केस विंचरले, मग वर आला. कॅमेरा बंद आहे हे त्याला माहीत असतं का?"

"न्हाई."

"मग त्याचं हसणं कुठं जातं?"

"त्याच्याबरोबर घरी जातं," दादा म्हणाला. "तू कार्डांचं बोल."

इलियास खिडकीबाहेर बघत म्हणाला, "माझ्या बहिणीच्या लग्नात एक मिनिटसुद्धा रिकामं जाणार नाही. मी स्वतः शूट करणार. मेरीला शब्द दिलाय."

"कधी हाय लग्न?"

"ती शाळेत आहे अजून."

"मग तवर तरी कार्डं वाचव की बाबा."

*

दादानं त्याला मराठीतले पहिले दोन शब्द शिकवले, ते धंद्याचे. 'मामा' आणि 'सरका'. आमच्याकडं लग्नात सत्कार असतात. नवरानवरी हार हातात घेऊन ताटकळतात आणि स्टेजवर फेटा, शाल, नारळ चालू. ज्यांचा सत्कार झाला ते खाली उतरत नाहीत. कॅमेऱ्यापुढं नुसत्या पाठी. मग ओरडायचं, "ओ मामा, सरका."

इलियासला हे एवढं आवडलं की तो सगळ्यांनाच मामा म्हणायला लागला. बायकांनासुद्धा. त्याच्या तोंडून कुणाला राग यायचा नाही.

एकदा एक मोठे पुढारी आले. मागंपुढं माणसं, पांढऱ्या गाड्या, सगळा मांडव उभा राहिला. साहेब नेमके नवरीच्या पुढं उभे. कुणाची बोलायची टाप नाही. इलियास कॅमेऱ्यामागून म्हणाला, "मामा, सरका."

दादानं डोळे मिटले.

साहेबांनी वळून बघितलं. "कोन हाय हा?"

"आमचाच हाय साहेब," दादा म्हणाला. "बेथलेहेमचा."

"ते कोणत्या तालुक्यात येतं?"

"लांब हाय साहेब. आपल्या राज्यात न्हाई."

"तरीच," साहेब म्हणाले आणि सरकले.

*

फटाक्यांना तो भ्यायचा नाही. एका वरातीत रॉकेट आडवं सुटलं, घोडा उधळला आणि नवरदेवासकट शेजारच्या घासाच्या वावरात घुसला. वऱ्हाडी चपला सोडून पळाले. मी ट्रॅक्टरखाली. इलियास घोड्याच्या मागं मागं, कॅमेरा जराही न हलवता. एवढी चांगली वरात आम्ही कुणाची काढली नाही.

मी विचारलं, "भीती न्हाई वाटली?"

"कशाची? हे तर तुम्ही स्वतः विकत आणलंय."

ड्रोनचं मात्र वेगळं होतं. दादानं हौसेनं ड्रोन घेतला. तो घूं करत वर गेला की इलियास मांडवाच्या खांबाला पाठ लावून उभा राहायचा. त्या वेळचं त्याचं शूटिंग हललेलं असायचं. दादानं एडिटिंगला बघितलं. पुढच्या लग्नात नवरीच्या बापानं विचारलं, "ड्रोन कुठं हाय?"

"बिघडलाय," दादा म्हणाला. "पार्ट बाहेरनं यायचाय."

त्या सीझनला आणि त्याच्या पुढच्या सीझनला आमचा ड्रोन बिघडलेलाच होता. गिऱ्हाइकं तुटली तरी बिघडलेला. इलियास कायमचा परत गेला त्या आठवड्यात पार्ट आला.

*

परत जाऊ नको, असं आई त्याला म्हणाली होती. "इथं काय कमी हाय?"

"इथं शूटिंगवाले लई आहेत आई," तो म्हणाला. तोवर त्याला मराठी चांगली येत होती. "तिकडं कमी पडतात."

तिकडं तो सिनेमाचा कॅमेरा करायला लागला. मधल्या वेळात बातम्या. मग मधला वेळच जास्त झाला. त्याच्याकडून आम्हाला तिकडच्या धंद्याच्या गोष्टी कळायच्या. तिकडं ट्रायपॉड खांद्यावर घेत नाहीत, लांबून ती बंदूक वाटते. तान्ह्या पोरासारखा दोन्ही हातांवर आडवा घ्यायचा. इथंही तो तसाच धरायचा. दादा म्हणायचा, "हितं लांबून फक्त ऊस दिसतोय, घे खांद्यावर." तो घ्यायचा नाही. आता आम्हीही तसाच धरतो. पाथर्डीचे शूटिंगवाले आम्हाला विचारतात, बारसं कधी.

एका सिनेमात लग्नाचा सीन होता. ऐन शूटिंगच्या दिवशी रस्ता बंद केला. नवरी एका बाजूला अडकली, नवरा दुसऱ्या. तिसगाव ते पाथर्डी एवढंच अंतर, पण जायचं कसं? इलियासनं नवरीचं शूटिंग तिच्या गावात केलं. रस्ता उघडल्यावर नवऱ्याचं त्याच्या गावात केलं. पडद्यावर दोघं शेजारी उभे दिसतात.

दादा म्हणाला, "आमच्याकडं एका मांडवात असून एका फ्रेममधी येत न्हाईत."

"कारण तुमच्याकडं मामा आहेत," इलियास म्हणाला.

मग त्यानं फोनवर आवाज रेकॉर्ड करून पाठवला. त्याचं सगळं युनिट एका सुरात ओरडत होतं, "मामा, सरका!" त्यानं तिकडं सगळ्यांना हेच शिकवलं होतं. युनिटला, घरच्यांना, लग्नाकार्यात काकामामांना. एक परदेशी डायरेक्टर आला होता, त्यानं विचारलं हा अरबी शब्द कोणता. युनिटनं सांगितलं, कॅमेऱ्याचा शब्द आहे, तुम्हाला नाही कळायचा.

*

सीझनला आम्ही सगळे निळे टी-शर्ट घालतो. पाठीवर मोठं इंग्रजीत 'शालोम', खाली 'तिसगाव'. इलियास स्वतःचा घेऊन गेला होता. एकदा चेकपोस्टवर बॅग उघडायला लावली आणि वरच तो टी-शर्ट. शिपाई तुझ्याच वयाचा होता, असं इलियास मला म्हणाला.

"हे कुठून आणलं?"

"तिसगाव."

"ते कुठं आहे?"

"तालुका पाथर्डी."

शिपायानं त्याला बाजूला उभं केलं आणि मोबाईलमध्ये तिसगाव शोधलं. आमच्या आठवडे बाजाराचा फोटो निघाला. मेथीच्या जुड्या, एक म्हातारी, मागं उभी एसटी. तो बराच वेळ फोटो मोठा करून करून बघत राहिला. मागं गाड्यांची रांग.

"तुझं तिथं कोण आहे?"

"आई."

"तुझी आई तर बेथलेहेमला राहते. कागदावर लिहिलंय."

"ती पण," इलियास म्हणाला.

शिपायानं टी-शर्ट घडी करून बॅगेत ठेवला. घडी, म्हणे, नीट केली होती.

*

बातम्यांच्या शूटिंगला तो जाडजूड निळं जॅकेट घालायचा. छातीवर इंग्रजीत लिहिलेलं, की हा पत्रकार आहे. आईनं व्हिडिओ कॉलवर बघितलं.

"हे काय घातलंय? उकडत न्हाई का?"

"उकडतं आई. पण हे घातलं की गोळी आत जात नाही."

आईनं थोडा विचार केला. "मग झोपतानाबी घाल."

तो हसला, आम्ही हसलो. आई हसली नाही. त्यानंतर रोज फोनवर ती आधी 'जेवलास का' विचारायची आणि मग 'घातलंय का'.

घातलं होतं त्यानं. ऑलिव्ह काढायचे दिवस होते. तिकडं एका गावातले लोक आपल्या झाडांकडं निघाले होते, त्यांना अडवायला शेजारच्या वसाहतीतले लोक आले, शिपाई आले आणि मध्ये इलियास. गोळी जॅकेटच्या वर लागली. कुणाची, त्याचीच ती चौकशी.

मेरीचा मेसेज दादाच्या फोनवर आला. दादानं तो मला वाचून दाखवला आणि फोन उलटा करून टेबलावर ठेवला. मी बाहेर आलो. मोटरसायकलला किल्ली तशीच होती. मी निघालो. नगर गेलं, पुढं गेलो. सुप्याजवळ पेट्रोल संपलं. तेव्हा दादाचा फोन घेतला.

"कुठं हायेस?"

"सुप्याला."

"कुठं चाललास?"

"विमानाला."

"पासपोर्ट?"

"काढतो की तिथं."

दादा एसटीनं आला. रागावला नाही. टपरीवर मला चहा पाजला, बाटलीतून पेट्रोल आणून टाकलं आणि गाडीचं तोंड गावाकडं फिरवलं. मी त्याच्या पाठीला डोकं लावून बसलो. घर येईपर्यंत त्याची पाठ हलत होती.

दुसऱ्या दिवशी दुकानात एक जण म्हणाला, "कशाला गेला मरायला तिकडं?" मी त्याच्या कानाखाली वाजवली. नंतर कळलं, तो शूटिंगचं पक्कं करायला आला होता. पोरीचं लग्न होतं त्याच्या. दादानं पाय धरून ते काम टिकवलं. लग्नात मला गाडीतच बसवून ठेवलं, काच वर करून. नवरीच्या बापानं स्वतः जेवणाचं ताट गाडीत आणून दिलं आणि म्हणाला, "हात लई जड हाय रं तुझा."

*

आता शेवटचा.

मेरीचं लग्न ठरलेलं होतं. ते पुढं ढकललं आणि ईस्टरनंतर साधं करायचं ठरलं. बँड नाही, मिरवणूक नाही आणि शूटिंग नाही. इलियासच्या आईनं सांगून टाकलं होतं की ते काम इलियासचं होतं, दुसऱ्या कुणाचा कॅमेरा येणार नाही. मेरी हे दादाला व्हिडिओ कॉलवर इंग्रजीत सांगत होती. दादा नुसता 'येस, येस' करत होता. मला तेवढं इंग्रजी कळलं.

मी मागून बोललो, "मी करतो."

"येडा झालास का? कुठं हाय ते?"

"दुसऱ्याचा कॅमेरा नको ना? मग इलियासचा ट्रायपॉड लावा म्हनावं, त्याच्यावर फोन बसवा. कॉल चालू ठेवा. हितं मी रेकॉर्ड करतो. शूटिंग शालोमचं."

दादानं माझ्याकडं बघितलं आणि तसंच्या तसं सांगितलं. तिकडं मेरी आईशी बोलली. मग मेरी म्हणाली, "ओके."

लग्नाच्या दिवशी त्यांची दुपार होती, आमची संध्याकाळ. दुकानाचं शटर अर्धं ओढलं. कॉम्प्युटरला फोन जोडला. दोन हार्ड डिस्क रिकाम्या करून ठेवल्या. आई जरीची साडी नेसली, मुलीकडची ना ती. पाळकसाहेब आले. शांतवन आजोबांना खुर्ची दिली.

तिकडं चर्चमध्ये ट्रायपॉड घेऊन आला तो इलियासबरोबर शूटिंगला असायचा तोच पोरगा, जॉर्ज. मी कॅमेऱ्याचं विचारल्यावर फोन ठेवून देणारा. ट्रायपॉड त्यानं दोन्ही हातांवर आडवा आणला होता, तान्ह्या पोरासारखा. त्यानं फोन बसवला आणि स्क्रीनमध्ये बघितलं. मी काही विचारलं नाही. हातानं खूण केली, थोडा डावीकडं. त्यानं डावीकडं केला.

लग्न लागलं. तिकडं नवरानवरीच्या डोक्यावर मुकुट ठेवतात. आई म्हणाली, "बाशिंगच की हे." मग सगळे भेटायला पुढं आले आणि झालं, कॅमेऱ्यापुढं पाठी. काळे कोट, काळ्या साड्यांसारखे झगे. मधोमध एक जाडे मामा. मेरी दिसेना, नवरा दिसेना. जॉर्ज गर्दीत कुठं गेला कळेना. मी स्क्रीनला हात लावून बाजूला सारायला बघत होतो. मी कुठं बसलोय तेच मला आठवेना. मी बेंबीच्या देठापासून ओरडलो.

"ओ मामा, सरका!"

तिकडं फोनचा आवाज मोठा केलेला होता. बेथलेहेमच्या चर्चमध्ये तो शब्द घुमला. ते जाडे मामा गर्रकन वळले आणि फोनकडं बघत राहिले. त्यांच्या ओठांवर तोच शब्द आलेला मला दिसला. मग ते सरकले. त्यांच्या शेजारचे सरकले. सगळी रांग दोन्हीकडं झाली आणि मधोमध मेरी दिसली, तोंडावर हात घेतलेली, हसत होती का रडत होती ते मुकुट हलण्यावरून काही सांगता येत नव्हतं.

शांतवन आजोबा खुर्चीतून म्हणाले, "मराठी कळती की त्यांना."

आहेर झाला. सगळा घेतला, एक मिनिट सोडलं नाही. एक म्हातारे टोपी नीट करून आले, ते घेतले. माणसं पांगली. नवरानवरी बाहेर गेली. चर्च रिकामं झालं, नुसते बाक दिसत होते. दादा माझ्या मागून सवयीनं म्हणाला, "झालं. बंद कर."

तेवढ्यात इलियासची आई फ्रेममध्ये आली. एकटीच होती. तिनं एक खुर्ची ओढत आणली, फोनसमोर ठेवली आणि बसली. डोक्यावरचा काळा रुमाल सारखा केला. मग पुढं वाकून काहीतरी विचारलं. अरबीत. अर्थ सांगायला जवळ कुणी नव्हतं. मला त्यातला एकच शब्द कळला, कॅमेरा.

"चालू हाय," मी म्हणालो. "चालू हाय, आई."

ती बोलायला लागली. मला एक शब्द कळला नाही. सगळं रेकॉर्ड केलं.